सात लुगडी उरली आहेत, गोधडी शिवायची आहे

जरीकाठ | १२ एप्रिल, रात्री

मागच्या महिन्यात नाशिकचं जुनं घर रिकामं केलं. माळ्यावर आजीची पत्र्याची ट्रंक होती. एके काळी तिच्यात चाळीसेक लुगडी असतील. आई गेली त्या वर्षी, घर आवरायच्या घाईत, मी त्यातली जवळजवळ सगळी बोहारणीला दिली आणि झाकणाचं एक स्टीलचं पातेलं घेतलं. ते पातेलं रोज हातात येतं आणि रोज पोटात तुटतं.

ट्रंकेच्या तळाला वर्तमानपत्र अंथरलेलं होतं. परवा ते उचललं तर खाली अजून सात लुगडी निघाली. पाच सुती, रोजच्या नेसण्यातली. एक इरकल, पदराकडे विरलेलं. एक जरीकाठाचं, त्याची जर काळी पडली आहे. सुती पाच इतकी मऊ झाली आहेत की घडी हातात राहत नाही, पाण्यासारखी निसटते. एकाचे तर दोन रंग आहेत. अर्धं हिरवं, अर्धं तपकिरी, मध्ये हातशिवण. असं का, ते मला कळलेलं नाही.

यांची गोधडी शिवायची आहे. स्वतः. पुण्यात चौकाचौकात ‘गोधड्या शिवून मिळतील’ अशा पाट्या आहेत, पण कापड दुसऱ्याच्या हाती द्यायला मन घेत नाही. एकदा दिलं, तेवढं पुरे झालं.

मला बटण लावण्यापलीकडे शिवण येत नाही. थर किती घ्यायचे? सुरुवात कुठून करायची? काठ कापायचे की ठेवायचे? हातानेच शिवायची की मशीन चालेल? ज्यांनी प्रत्यक्ष शिवली आहे त्यांनी सविस्तर लिहा, ही विनंती.

माणगंगा | १३ एप्रिल, सकाळी

आमच्याकडं माणदेशात वाकळ म्हणतात. मी सासरी आल्यापासून शिवते आहे, आता बोटं दुखतात म्हणून वर्षाला एकच. सांगते तसं कर बाळा.

आधी हिशोब. लुगडं नऊ वार, म्हणजे सव्वाआठ मीटर धर. त्याची चार घडी घातलीस की लांबी दोन मीटरच्या थोडी वर येते आणि पन्हा सव्वा मीटरच्या आसपास. म्हणजे एका लुगड्यात चार पदरी, एका माणसाची वाकळ होते. दोन लुगडी शेजारी शेजारी जोडलीस तर दोघांना पुरेल अशी. तुझ्या पाच सुती लुगड्यांत दोन मोठ्या आणि एक लहान बसते. चार पदर आपल्या हवेला पुरे आहेत. थंडीच्या गावात आतमध्ये जुनी धोतरं, शर्टाची धडुती घालून सहा-सात पदर करतात, पण पहिल्यांदा शिवताना तेवढ्यातून सुई निघायची नाही.

लुगडी धुऊन कडक उन्हात वाळव. खळ, स्टार्च काही नको. विरलेला भाग आतल्या पदरात जाईल आणि धड भाग वर-खाली राहील अशी घडी बसव. इथं घाई करू नको, अर्धी वाकळ या घडीतच होते. मग गच्चीवर किंवा मोठ्या खोलीत जमिनीवर अंथर. आम्ही सारवलेल्या अंगणात अंथरायचो आणि चार कोपऱ्यांवर पाटा, वरवंटा, भरलेल्या कळश्या ठेवायचो. कापड ताणायचं नाही, नुसतं हातानं सारखं करायचं. ताणून शिवलं की धुतल्यावर चुण्या पडतात. सारखं झालं की लांब लांब कच्चे टाके घालून सगळे पदर एकमेकांत अडकवून टाक. ते शेवटी उसवायचे.

आता खरी शिवण. कडेपासून सुरू करायची. एक बाजू संपली की कोपऱ्यावर वळायचं, दुसरी बाजू, तिसरी, चौथी, आणि मग पहिल्या ओळीच्या आत दोन बोटांवर पुढची ओळ. असं फिरत फिरत मध्यावर यायचं. कडेकडून आत आलं की मोकळं कापड आत सरकत जातं आणि बसतं. दोन बोटांपेक्षा जास्त अंतर ठेवलंस तर आतले विरलेले पदर धुताना गोळा होऊन एका जागी बसतात, मग वाकळीला गाठी होतात. टाका साधा धावदोराच, तांदळाच्या दाण्याएवढा. दोऱ्याची गाठ पदरांच्या मध्ये दडवायची, वर ठेवली तर अंगाला टोचते आणि लवकर तुटते.

लांब सुई आण आणि अंगुस्तान घाल. मी घालत नव्हते, आता उजव्या हाताचं मधलं बोट बघ म्हणावं.

आणि एक. ते दोन रंगांचं लुगडं ‘दंडाचं’ आहे. लुगडं नेहमी एकाच ठिकाणी विरतं, बसण्याच्या जागी. मग दोन जुन्या लुगड्यांचे धड भाग काढून एकमेकांना जोडायचे आणि त्याचं पुन्हा एक नेसायचं लुगडं करायचं. त्या शिवणीला दंड म्हणतात. तुझ्या आजीनं ते स्वतः घातलं असणार. ते उसवू नकोस.

जरीकाठ | १३ एप्रिल, सकाळी

माणगंगाताई, हे वाचून ट्रंक परत उघडली. दंडाचे टाके मोजले, बोटभर अंतरात नऊ येतात. हा शब्द मी आयुष्यात पहिल्यांदा ऐकला. आजीला विचारायला हवं होतं असं किती गोष्टींबद्दल वाटतं.

पाऊलखूण | १३ एप्रिल

ही चर्चा साठवून ठेवली आहे. आमच्या विदर्भात लहान बाळाच्या दुपट्यासाठी मुद्दाम म्हाताऱ्या माणसाचं धोतर मागून आणायचे. नवं कापड बाळाच्या अंगाला लावायचं नाही असं आजी म्हणायची.

कातरण | १३ एप्रिल, दुपारी

मी व्यवसायाने शिंपी, कोल्हापूर. मशीनबद्दल विचारलंय म्हणून लिहितो.

मशीनवर होते. मीही शिवून देतो. पण चार पदर जुनं कापड मशीनच्या पायाखाली घातलं की खालचा पदर पुढे सरकतो आणि वरचा मागे राहतो, त्यामुळे एका टोकाला कापड उरतं. शिवाय मशीनचा टाका दोन दोऱ्यांचा, घट्ट. विरलेल्या कापडाला तो कापतो. दोन-तीन वर्षांत शिवणीच्या ओळीवरच फाटायला लागतं. हातच्या धावदोऱ्याला थोडी ढील असते, माणूस कूस बदलतो तेव्हा दोरा कापडाबरोबर हलतो. म्हणून तुमच्या लुगड्यांना हातच लावा. मशीन फक्त दोन लुगडी शेजारी जोडायला वापरा.

माझ्याकडे गिऱ्हाइकांच्या ब्लाऊजांची, परकरांची कातरणं साठतात. पूर्वी बायका येऊन कातरण मागून न्यायच्या, वरच्या पदरावर चौकोन-त्रिकोण लावायला. आता क्वचित. हल्ली लोक दुकानातून नवं सुती कापड आणतात, आत रुईसारखी पॉलिएस्टरची गादी घालायला सांगतात आणि त्यालाच गोधडी म्हणतात. दिसायला सुबक होते, माझं पोटही त्यावर चालतं, त्यामुळे मी त्याला नावं ठेवणार नाही. पण माझी स्वतःची अंथरुणं आईनं शिवलेलीच आहेत.

माणगंगा | १३ एप्रिल, दुपारी

दादा, तुमच्या धंद्याला नावं नाहीत. पण नव्या कापडाच्या चादरीला वाकळ म्हटलं की मला त्रास होतो. वाकळीत दुकानातून आणलेला फक्त दोरा असतो. बाकी सगळं घरातलं, कुणाच्या ना कुणाच्या अंगावरचं. आमच्या घरात एक वाकळ आहे तिच्यात सासऱ्यांचा फेटा आहे, नणंदेचा परकर आहे आणि माझ्या थोरल्याचं शाळेचं दप्तर आहे. रात्री दिवा नसला तरी हातानं कळतं कुणाचं कुठं आहे ते.

निळी शाई | १३ एप्रिल, रात्री

मी जुन्या वस्त्रांच्या जतनाचं काम करते, म्हणून जरीकाठ यांच्या इरकल आणि जरीकाठाच्या लुगड्यांबद्दल लिहिते.

इरकल, म्हणजे कर्नाटकातल्या बागलकोट जिल्ह्यातल्या इळकलचं लुगडं. त्याचं अंग बहुतेकदा सुती असतं आणि पदर रेशमी. पदराचा ताणा वेगळा असतो आणि विणकर तो अंगाच्या ताण्याला फाशा घालून जोडतो, त्यामुळे तिथे मुळातच दोन वेगळे स्वभाव एकत्र आलेले असतात. जुनं रेशीम घडीवर तडकतं. सूत विरतं ते हळूहळू, आधी सांगून. रेशीम सांगत नाही, एक दिवस घडी उघडली की रेघेवर फाटलेलं असतं. म्हणून इरकलचं सुती अंग गोधडीत जरूर घ्या, पदर मात्र वेगळा काढून सपाट ठेवा.

जरीकाठाचं लुगडं पूर्ण वगळा. जर म्हणजे धातूची तार, काळी पडलेली जर कडक होते, सुई अडते आणि शेजारचं सूत कापलं जातं. शिवाय अंगाला टोचते.

आतमध्ये पॉलिएस्टरची साडी भरू नका, हे आग्रहाने सांगते. सूत पाणी पितं आणि सोडतं, घामही. पॉलिएस्टर पीत नाही. चारांतला एक पदर जरी तसा असला तरी उन्हाळ्यात ती गोधडी अंगावर नकोशी होते. आणि खालच्या पदराला नवं सुती कापड घ्यायची वेळ आलीच तर आधी दोनदा धुऊन घ्या. जुनं कापड जितकं आटायचं तितकं आटून गेलेलं असतं, नवं पहिल्या धुण्यात आटतं, आणि मग सबंध गोधडी एका बाजूला गोळा होते.

थोडं विषयाच्या कडेचं, पण लिहिल्यावाचून राहवत नाही. जपानच्या उत्तरेला आओमोरी म्हणून थंड प्रांत आहे. तिथे कापूस पिकत नाही. शेतकरी अंबाडीसारख्या तागाचं जाडंभरडं कापड विणून नेसत. सुती कापड यायचं ते पश्चिमेकडून जहाजांतून, आणि तेही वापरून जुनं झालेलं. त्या जुन्या चिंध्या हे लोक विकत घेत आणि तागावर थर देत, ठिगळावर ठिगळ, धावदोऱ्याने. त्या कपड्यांना ‘बोरो’ म्हणतात, म्हणजे फाटकं. एकेक पांघरूण तीन-चार पिढ्या शिवत राहिलेलं. पुढे सुबत्ता आल्यावर लोकांना त्याची लाज वाटू लागली आणि त्यांनी ते जाळलं, टाकून दिलं. चुझाबुरो तानाका नावाच्या माणसाने गावोगाव पायपीट करून ते गोळा केलं. तोक्योच्या आसाकुसा भागात २००९ ते २०१९ अशी दहा वर्षं त्याचं संग्रहालय होतं. मी त्यातल्या कपड्यांची छायाचित्रं पहिल्यांदा पाहिली तेव्हा मला क्षणभर वाटलं, ही आमच्या सांगलीच्या घरातली गोधडी. तोच टाका, तीच विटकी निळाई.

हळियाळकर | १४ एप्रिल, सकाळी

माणगंगाताईंनी ‘कडेपासून मध्यावर’ लिहिलंय ते वाचून राहवलं नाही. आमचा हळियाळ तालुका कर्नाटकात, उत्तर कन्नड जिल्ह्यात, पण घरी मराठी बोलणारे आम्ही इथे पिढ्यान्पिढ्या आहोत. आमच्या शेजारी सिद्दी लोकांच्या वाड्या आहेत. हळियाळ, यल्लापूर, मुंडगोड, या पट्ट्यात. यांचे पूर्वज आफ्रिकेतले. पोर्तुगिजांनी गोव्यात गुलाम म्हणून आणलेल्यांपैकी बरेच जण पळून घाट चढले आणि या जंगलात राहिले. त्यांच्यात हिंदू, मुसलमान, ख्रिस्ती सगळे आहेत आणि घरात कोकणीच्या जवळची भाषा बोलतात.

त्यांच्या बायका जी गोधडी शिवतात तिला कवंदी म्हणतात. खाली एक जुनी साडी अंथरतात आणि एका कोपऱ्यापासून वरती चिंध्यांचे तुकडे लावत, शिवत, गोल गोल आत येतात. मध्यावर येऊन संपते. आधी चित्र काढणं नाही, मोजणं नाही. हातात पुढची चिंधी कुठली येते आणि शेजारचा रंग कुठला आहे, यावर सगळं ठरतं. मोठ्या तुकड्यांवर नुसत्या शोभेसाठी लहान रंगीत ठिपक्यांसारखे तुकडे लावतात, त्यांना टिकेली म्हणतात. लहान मुलांच्या कवंदीत तर टिकेल्यांची गर्दी असते. आणि शेवटी चारही कोपऱ्यांना घडी घातलेल्या कापडाचे त्रिकोण, त्यांना फुलं म्हणतात. फुलं लावली नाहीत तर कवंदी नागडी राहते, असं बायका सांगतात. अंथरूण पांघरायचं असतं, कोपऱ्यावरच्या त्रिकोणाने त्याची ऊब वाढत नाही. तरी तो त्रिकोण हवाच असतो. गरिबांना शोभेची पडलेली नसते असं ज्यांना वाटतं त्यांना मी हे कोपरे दाखवतो.

हेन्री ड्रूअल नावाच्या अमेरिकन कलाअभ्यासकाने इथे बरीच वर्षं येऊन या कवंदींवर काम केलं, आणि त्या अमेरिकेत प्रदर्शनांतूनही गेल्या.

जरीकाठ | १४ एप्रिल

कोपऱ्यांना फुलं! आमच्या घरच्या जुन्या गोधडीला एका कोपऱ्यावर असा त्रिकोण होता, बाकी तीन तुटलेले. मी लहानपणी तो चोखत झोपायचे असं आई सांगायची. म्हणजे आपल्याकडेही होतं हे.

माणगंगा | १४ एप्रिल

होतं तर. आम्ही लाल कापडाची लावतो.

गिरणगावकर | १४ एप्रिल, रात्री

या चर्चेत लिहावं की नाही, दोन दिवस विचार करत होतो.

बाबा परळच्या एका गिरणीत साचाखात्यात, म्हणजे मागांवर, होते. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला तेव्हा मी आठ वर्षांचा. बाबा पुन्हा गिरणीत गेले नाहीत. आधी महिनाभरात मिटेल म्हणत होते, मग दिवाळीपर्यंत, मग कुणीच काही म्हणेना. त्या वर्षी थंडीत आईने ट्रंकेतून बाबांचे कामावरचे खाकी शर्ट आणि हाफ पँट काढल्या, आणि पूर्वी गिरणीच्या दुकानातून स्वस्तात आणलेले कापडाचे तुकडे. त्यांची गोधडी शिवली. दहा बाय बाराच्या खोलीत अंथरायला जागा नव्हती, म्हणून चाळीच्या गॅलरीत अंथरली होती आणि येणारे-जाणारे कडेकडेने चालत होते. शेजारच्या दोन बायका येऊन बसल्या. बाबा दारात उभे राहून बघत होते. ते काही बोलले नाहीत. मला आता कळतं की आईने ते कपडे कापले म्हणजे ते पुन्हा लागणार नाहीत हे तिने सगळ्यांच्या आधी ओळखलं होतं.

खिसे तिने उसवले नाहीत. ते तसेच गोधडीवर आहेत. मी त्यात गोट्या ठेवायचो.

ती गोधडी आता माझ्या कपाटात आहे. बाबा गेले, आई गेली. वापरत नाही, टाकवत नाही. कला वगैरे मला समजत नाही, पण जगात कुठल्या संग्रहालयात तिला जागा असेल का, असा विचार मनात येतो.

दूरदेशी | १५ एप्रिल, पहाटे

गिरणगावकर, तुमचं लिहिणं वाचलं आणि उत्तर दिल्याशिवाय झोप येणार नाही.

मी अटलांटात राहते. चार वर्षांपूर्वी शेजारच्या अलाबामा राज्यात जीज बेंड म्हणून गाव आहे, तिथे मुद्दाम गाडी काढून गेले होते. अलाबामा नदीने तीन बाजूंनी वळसा घातलेला जमिनीचा तुकडा. पूर्वी कापसाचा मळा, राबणारे गुलाम. १८४५ मध्ये मळा पेटवे नावाच्या मालकाकडे गेला आणि गुलामांना त्याचंच आडनाव लागलं. आजही गावात बरेच लोक पेटवे. नदीपलीकडे कॅमडेन हे तालुक्याचं गाव, तिथे जायला तराफा होता. १९६२ मध्ये, जेव्हा हे काळे लोक मतदार म्हणून नाव नोंदवायला पलीकडे जाऊ लागले, तेव्हा तो तराफाच बंद केला गेला. पुन्हा सुरू झाला २००६ मध्ये. मधली चव्वेचाळीस वर्षं रस्त्याने मोठा वळसा.

या गावच्या बायका गोधड्या शिवत. जुन्या जीनच्या, शेतातल्या कामाच्या पँटच्या, पीठ-साखरेच्या कापडी पोत्यांच्या. भिंतींच्या फटींतून वारा यायचा म्हणून. २००२ मध्ये ह्यूस्टनच्या संग्रहालयात आणि मग न्यूयॉर्कच्या व्हिटनीमध्ये त्या भिंतीवर लावल्या गेल्या आणि लोक थक्क झाले. २००६ मध्ये अमेरिकेच्या टपालखात्याने त्यांच्यावर दहा तिकिटं काढली.

त्यातली एक गोधडी मिसूरी पेटवे या बाईची, १९४२ सालची. तिचा नवरा गेला. तिने त्याचे शेतातले कामाचे कपडे घेतले आणि सतरा वर्षांच्या मुलीला, आर्लोन्झियाला, सोबत बसवून त्यांची गोधडी शिवली, त्याची आठवण राहावी आणि त्याच्या मायेखाली झोपता यावं म्हणून. विटलेली निळी, राखाडी, मळकट पांढरी. गुडघे जिथे घासले गेले तिथे रंग वेगळा. ती आज वॉशिंग्टनच्या राष्ट्रीय कलादालनात आहे. म्हणजे तुमच्या प्रश्नाचं उत्तर असं की हो, जागा असते.

तिथे एक नमुना पाहिला, त्याला ‘घराचं छप्पर’ अशा अर्थाचं नाव आहे. मध्ये एक चौकोन, त्याभोवती पट्ट्या, त्याभोवती पुन्हा पट्ट्या. आपल्या गोधडीच्या ओळींसारखाच दिसतो, फक्त तो मध्यापासून बाहेर वाढत जातो आणि आपली कडेपासून आत येते. मी गावातल्या एका आजींना खुणा करून आपली पद्धत सांगितली. त्यांनी टेबलावर बोटाने चौकोन काढला, बाहेरून आत, आणि मान डोलावली.

गिरणगावकर | १५ एप्रिल

त्या गोधडीची छायाचित्रं शोधून पाहिली. बायकोला दाखवली. तिने काही न बोलता आमची कपाटातून काढून पलंगावर अंथरली.

निळी शाई | १५ एप्रिल, दुपारी

गिरणगावकर, तुमच्या गोधडीसाठी. प्लॅस्टिकच्या पिशवीत ठेवू नका, आत दमट होते. धुतलेल्या पांढऱ्या सुती कापडात गुंडाळा. घडी दर काही महिन्यांनी वेगळ्या जागी घाला, एकाच रेघेवर कापड मरतं. डांबरगोळ्या थेट कापडाला लागू देऊ नका. धुवायची झाली तर पिळू नका, सावलीत आडवी वाळवा. दोरीवर टांगली की ओल्या कापडाचं वजन टाक्यांवर येतं. आणि शक्य असेल तर वापरू नका आता. खाकी चाळीस वर्षांहून जुनी आहे.

माणगंगा | १५ एप्रिल, रात्री

निळी शाई, तुमचं शिक्षण मोठं, मी तुमच्याशी वाद घालत नाही. पण दादा, तुम्ही पांघरा. तुमच्या आईनं ती कपाटासाठी शिवली नव्हती. फाटली तर ठिगळ लावा. ठिगळ लागलं म्हणून वाकळ संपत नाही, उलट तुमचा एक शर्ट त्यात जाईल, तुमच्या पोराला दोघांची मिळेल.

निळी शाई | १५ एप्रिल, रात्री

ताई, यावर मी रोज माझ्याच कामात अडकते. संग्रहालयात आलेल्या वस्त्राला मी नवा टाका घातला तरी तो वेगळा ओळखू यावा असा घालते आणि कागदावर नोंदवते. घरातल्या गोधडीचा जीवच नव्या टाक्यांत असतो. मला दोन्ही पटतं. फक्त एक मधला मार्ग सांगते. वरून घालायचं ठिगळ मोठं घ्या, विरलेल्या भागाच्या चारी बाजूंनी बरंच पुढे जाईल असं, आणि ते धड कापडावर शिवा. मग खालची खाकी न ओढली जाता आत सुरक्षित राहते आणि गोधडीही अंगावर राहते.

गिरणगावकर | १६ एप्रिल

हे करतो. माझे ऑफिसचे दोन जुने निळे शर्ट आहेत. खिसे झाकणार नाही.

कातरण | १६ एप्रिल

शर्टाची मागची बाजू घ्या, पुढची नको. पाठीचा भाग सलग मिळतो. कॉलर आणि बाह्यांच्या पट्ट्यांत कडक अस्तर असतं, ते काढून टाका.

दूरदेशी | १७ एप्रिल

जरीकाठ, तुमच्या पहिल्या पोस्टमधलं पातेलं मनातून जात नाही. एक सांगू का? बोहारणीला दिलेलं कापड वाया जात नाही. आमच्या डोंबिवलीच्या घरी वाघरी समाजाची एक मावशी यायची, टोपलीत भांडी आणि डोक्यावर गाठोडं. आईशी तासभर घासाघीस चालायची. मी कॉलेजात असताना एकदा तिच्याबरोबर तिचा दिवस पाहिला. घरी गेल्यावर कपड्यांची निवड होते. धड असतील ते धुऊन, उसवलेलं शिवून, इस्त्री करून जुन्या कपड्यांच्या बाजारात जातात आणि ज्यांना नवं परवडत नाही ते घेतात. अगदी फाटलेल्या सुताच्या चिंध्या पुसायला कारखान्यांत, गॅरेजांत जातात. मऊ लुगडी तर ती वेगळी काढून ठेवायची, बाळंतिणींसाठी मागणी असते म्हणून. तुमच्या आजीची लुगडी कुठल्या तरी बाळाची दुपटी झाली असतील.

जरीकाठ | १७ एप्रिल

खूप वेळ हे वाचत बसले. धन्यवाद दूरदेशी.

पाऊलखूण | २० एप्रिल

बंगालमध्ये हीच गोष्ट कांथा या नावाने आहे, संस्कृतातली कंथा, आपल्या संतांच्या तोंडीही येते. तिथे जुन्या साड्यांचे थर जोडायलाच नव्हे, तर वर नक्षी काढायलाही दोरा साडीच्या काठातूनच उसवून घेत. म्हणजे दोराही विकत नाही! माणगंगाताई, तुम्ही म्हणालात की दोरा तेवढा दुकानातला, म्हणून आठवलं.

माणगंगा | २० एप्रिल

हे मला ठाऊक नव्हतं. जरीकाठ, तुझ्या लुगड्यांचे काठ रंगीत आहेत का गं?

जरीकाठ | २६ एप्रिल, रात्री

लाल आहेत, दोन लुगड्यांचे. एक काठ उसवून पाहिला. दोरा निघतो, पण हातभर निघाला की तुटतो. दोन-तीन पदर एकत्र पिळले तर टिकतो. एका संध्याकाळी दहा-बारा हात दोरा झाला. सगळी गोधडी त्याने होणार नाही, पण कोपऱ्यांची फुलं तरी त्यानेच शिवणार.

आजवरची प्रगती लिहिते. मोठ्या गोधडीपासून सुरू केली नाही, धीर झाला नाही. दंडाचं लुगडं घेऊन लहान एकेरी करते आहे. धुतलं, वाळवलं. धुताना तपकिरी भाग पाण्यात इतका हलका झाला की फाटेल अशी भीती वाटली, पण फाटला नाही. काल चार घड्या घालून हॉलमध्ये अंथरलं, कोपऱ्यांवर विटा ठेवल्या. मुलगा वय वर्षं अकरा, तो सारखं करायला बसला. कच्चे टाके त्यानेच निम्मे घातले, वाकडे आहेत, पण ते शेवटी उसवायचेच आहेत.

आता अडले आहे ते इथे. घडी घातल्यावर दंड आतल्या दुसऱ्या पदरात गेला आहे, दिसतच नाही. वर नुसता हिरवा भाग येतो. हिरवा जास्त धड आहे, ताईंनी सांगितल्याप्रमाणे तोच वर हवा. पण आजीची शिवण आत दडवायला मन होत नाही. काय करू?

निळी शाई | २६ एप्रिल, रात्री

आत राहिली तर ती घासली जाणार नाही, जास्त टिकेल. हे माझं कामाचं उत्तर झालं.

माणगंगा | २७ एप्रिल, पहाटे

कच्चे टाके उसव आणि परत अंथर. दोन दिवस गेले तर जाऊ देत, पाऊस अजून लांब आहे. घड्यांच्या जागी कापून चार तुकडे कर, मग कुठला वर घ्यायचा ते तुझ्या हातात. ज्या तुकड्यात दंड आहे तो वर घे आणि दंड बरोब्बर मध्यावर आण. मागंपुढं जास्त झालं तर टोकाचं काप आणि कमी पडेल तिथं जोड. तपकिरी अर्धा विरलेला आहे ना, मग त्याच्या खाली हिरव्याचा धड पदर ठेव, तो धरून ठेवेल.

मग कडेनं सुरू कर. फिरत फिरत आत येशील तेव्हा शेवटच्या दोन-चार ओळी त्या दंडावर येतील. आजीच्या टाक्याशेजारी तुझा टाका घाल, तिच्या टाक्यावर नको. त्या दोन ओळी काठातल्या लाल दोऱ्यानं कर. तेवढा पुरेल.

जरीकाठ | २७ एप्रिल, सकाळी

उसवायला बसलो आहोत. मुलगा विचारतोय की दंड म्हणजे पणजीने शिवलेला का. हो म्हटलं. तर तो म्हणाला, मग शेवटची ओळ मी घालू का?